झूम एफ-३ : घोषणा फुटू न देणारा रेकॉर्डर

कोल्हापूरच्या बिंदू चौकातली सभा. हलगी-कैताळ थांबतं, वक्ता पहिलं वाक्य अगदी हळू टाकतो, दुसऱ्या वाक्याला आवाज चढतो आणि तिसऱ्याला समोरची सगळी गर्दी एका सुरात घोषणा देते. मिनिटभराचा मामला. साध्या २४ बिट रेकॉर्डरची लेव्हल हळू वाक्यासाठी लावली असेल तर घोषणा फुटते, म्हणजे चिरकते; घोषणेसाठी लावली असेल तर पहिलं वाक्य खरखरीत बुडतं. आणि ती सभा काही परत होत नाही. राजकीय-सामाजिक प्रश्नांवर माहितीपट करणाऱ्याला रीटेक मिळत नाही. चित्र हललं, धूसर आलं, तरी प्रेक्षक सांभाळून घेतात. शब्द कळला नाही तर तो प्रसंग एडिटमधून जातो.

झूम एफ-३ हा दोन चॅनलचा रेकॉर्डर नेमक्या याच अडचणीसाठी घ्यायचा असतो. २०२२ पासून तो बाजारात आहे. सेलसकट वजन सुमारे २४२ ग्रॅम, तळहातावर मावतो, कमरेच्या पाऊचमध्ये किंवा कॅमेऱ्याखाली बसतो. एक्सएलआरचे (माइकच्या तीन पिनांच्या वायरीचे) दोन इनपुट, दोन्हींना लॉक. गर्दीत धक्का लागला तर वायर निसटत नाही, आणि दसरा चौकातून निघालेल्या मोर्चात धक्के हे लागणारच. हेडफोनचं एक आणि लाइन आउटचं एक अशी ३.५ मिमीची दोन होल्स, चार्जिंग आणि फाइल काढण्यासाठी यूएसबी-सी, मायक्रोएसडी कार्ड आणि दोन पेन्सिल सेल. अंगचा माइक नाही. पहिल्यांदाच रेकॉर्डर घेणाऱ्याने हे नीट लक्षात घ्यावं: नुसता एफ-३ घेऊन घरी आलात तर त्यावर एक शब्दही रेकॉर्ड होणार नाही. माइक वेगळा, वायर वेगळी, हेडफोन वेगळा. किंमत डॉलर आणि आयातीच्या करांबरोबर हलते, म्हणून आकडा देत नाही. पण बजेट धरताना रेकॉर्डरच्या किमतीत जवळपास तेवढीच रक्कम माइक आणि वाऱ्याच्या कव्हरासाठी मिळवून धरा.

या रेकॉर्डरला लेव्हलची गुंडी नाहीच. पहिल्यांदा हातात घेणारा गडबडतो तो इथंच. प्रत्येक चॅनलला आत आवाजाचे आकडे करणारे दोन कन्व्हर्टर आहेत, एक बारीक आवाज टिपणारा आणि एक मोठा आवाज झेलणारा. दोन्हींचं काम जोडून ३२ बिट फ्लोटची, म्हणजे फार बारीक आणि फार मोठा आवाज एकत्र मावणारी वेव्ह फाइल तयार होते. त्यामुळे स्क्रीनवर किंवा एडिटिंगमध्ये आवाज छताला भिडलेला दिसला, तरी गेन (आवाजाची वाढ) खाली ओढला की घोषणेचा वरचा भाग सगळा जसाच्या तसा परत येतो. हे खरोखर होतं आणि एकट्यानं काम करणाऱ्यासाठी हा फरक फार मोठा आहे. एका हातात कॅमेरा, डोळा फोकसवर आणि पाय गर्दीत असताना तिसरा हात लेव्हलसाठी कुणाकडेच नसतो.

पण याचा अर्थ 'आता काहीच फुटत नाही' असा घेऊ नका. फुटण्याच्या तीन जागा शिल्लक राहतात आणि तिन्ही रेकॉर्डरच्या कन्व्हर्टरच्या अलीकडे आहेत.

पहिली जागा म्हणजे माइक स्वतः. प्रत्येक माइकच्या कागदावर तो किती डेसिबलपर्यंत आवाज झेलतो हे छापलेलं असतं. सेनहायझरचा एमकेई ६००, जो आपल्याकडे बऱ्याच जणांकडे असतो, तो फँटम पॉवरवर (रेकॉर्डरनं माइकच्या वायरीतून दिलेल्या ४८ व्होल्टवर) १३२ डेसिबलपर्यंत झेलतो आणि आतल्या सेलवर चालवला तर १२६ पर्यंतच. म्हणजे हलगीच्या समोर हातभर अंतरावर उभं राहायचं असेल तर तो सेलवर चालवू नका, रेकॉर्डरमधून ४८ व्होल्ट द्या. माइकच्या आत फुटलेला आवाज कुठलाही फ्लोट परत आणत नाही.

दुसरी जागा वायरलेस. ट्रान्समीटरमध्ये आवाज फुटला किंवा त्याच्या लिमिटरनं दाबला, तर एफ-३ तो फुटलेला आवाजच इमानेइतबारे साठवतो. वायरलेसवर काम असेल तर ट्रान्समीटरचा गेन कमी ठेवा. नाहीतर ज्याच्या ट्रान्समीटरमध्येच ३२ बिट फ्लोट रेकॉर्डिंग होतं असा संच बघा. रोडचा वायरलेस प्रो आणि डीजेआयचा माइक २ हे त्यातले.

तिसरी जागा सर्वांत जास्त लोकांना दगा देते: साउंडवाल्याच्या मिक्सरमधून घेतलेली फीड. एफ-३च्या इनपुटला दोन मोड आहेत, माइक आणि लाइन. माइक मोडमध्ये तो +४ डीबीयूपर्यंतच (डीबीयू हे सिग्नलच्या ताकदीचं माप) घेतो, लाइन मोडमध्ये +२४ पर्यंत. मांडवातल्या मिक्सरचा आउटपुट वक्ता ओरडला की +४ च्या कितीतरी वर जातो. मोड चुकून माइकवर राहिला तर कन्व्हर्टरच्या आधीच, इनपुटच्या सर्किटमध्येच आवाज फुटतो आणि फाइलचा गेन कितीही खाली ओढा, डोकी कापलेलीच दिसतात. '३२ बिट असून फुटलं' अशी जी तक्रार ऐकू येते, तिचं कारण बहुतेक वेळा हेच असतं.

सभेची फीड घ्यायची रीत म्हणून आधी मोडपासून सांगतो. चॅनल १ लाइनवर, ४८ व्होल्ट बंद. ते चालू राहिलं तर काही मिक्सरच्या आउटपुटला ते मानवत नाही, घरघर सुरू होते आणि साउंडवाला पुढच्या वेळी वायर लावू देत नाही. मिक्सरला 'रेक आउट' किंवा 'ऑक्स' असेल तर तिथून घ्या, मेन आउटमधून नको. साउंडवाला मध्येच मेनचा आवाज कमी-जास्त करतो आणि तो खेळ आपल्या फाइलमध्ये येतो. सोबत तीन वायरी ठेवा: एक्सएलआर ते एक्सएलआर, मोठ्या जॅकवरून एक्सएलआर आणि आरसीएवरून एक्सएलआर. जनरेटरवर चाललेल्या मांडवात ५० हर्ट्झची घूं ऐकू आली तर मध्ये आयसोलेशन ट्रान्सफॉर्मरचा डीआय बॉक्स टाका. वायर हलवून ती घूं जात नाही, कारण दोन यंत्रांच्या अर्थिंगमधला फरक हेच तिचं मूळ. हे सगळं सभा सुरू व्हायच्या किमान तासभर आधी. कार्यकर्ते स्टेजवर चढायला लागले की साउंडवाल्याला तुमच्यासाठी वेळ नसतो, आणि तो नसणं रास्तच आहे.

चॅनल २ वर गर्दीचा आवाज. फीडमध्ये फक्त वक्ता असतो. टाळी नाही, घोषणा नाही, मागून ओरडलेला प्रश्न नाही. नुसत्या फीडवर कापलेली सभा निवडणूक प्रचाराच्या सीडीसारखी वाटते. म्हणून दुसरा माइक गर्दीत. मात्र आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. स्पीकरपासून २० मीटरवर उभ्या माइकला तोच शब्द ५८ मिलिसेकंद उशिरा पोचतो. दोन्ही चॅनल तसेच मिसळले तर वक्ता विहिरीत बोलतोय असं ऐकू येतं. एडिटमध्ये गर्दीचा ट्रॅक तेवढाच आधी, म्हणजे डावीकडे सरकवा, विहीर गायब होते. त्यासाठी फाइल दोन मोनोंमध्ये, म्हणजे प्रत्येक चॅनलची वेगळी घ्या, दोन्हींची मिळून एकच स्टिरिओ करू नका.

गेनच्या गुंडीऐवजी एफ-३वर वेव्हफॉर्म मोठा-लहान करायचा आकडा आहे, १, २, ४ असा वाढत १०२४ पर्यंत. पुष्कळ लोक याला नुसती दिसण्याची सोय समजतात. पण फाइल ज्या लेव्हलला साठते ती याच आकड्यावर ठरते. १ वर ठेवून रेकॉर्ड केलं तर फाइल सपाट रेघ दिसते आणि नवा एडिटर 'काही आलंच नाही' म्हणून ती बाजूला टाकतो. आवाज त्यात असतो, पूर्ण असतो. रेकॉर्ड सुरू करण्याआधी समोरच्याला दोन वाक्यं बोलायला लावा, वेव्ह पट्टीच्या अर्ध्या उंचीला येईल असा आकडा निवडा आणि मग चिंता सोडा. वर गेला तरी गेन खाली ओढून तो परत मिळतोच.

एडिटिंगमध्ये एक नियम कडक पाळा: ३२ बिट फ्लोट आहे तोवरच गेन दुरुस्त करा. आधी १६ किंवा २४ बिटमध्ये बदललं, किंवा एमपी३ करून सहकाऱ्याला व्हॉट्सॲपवर धाडलं, की वर गेलेला भाग कायमचा कापला जातो. दाव्हिंची रिझॉल्व्हच्या फुकट आवृत्तीत क्लिपचा गेन थेट उतरवता येतो. ऑडॅसिटीतही चालतं: फाइल उघडा, सगळी निवडा, नॉर्मलाइज करून -३ डेसिबलवर आणा, मग पुढचं काम. मोबाइलवरच्या काही एडिटिंग ॲपना ३२ बिट फ्लोट कळतच नाही. ती फाइल उघडत नाहीत किंवा फुटकीच उघडतात. गावातल्या गावात मोबाइलवर कापून टाकायची सवय असेल त्यांनी विकत घेण्याआधी आपलं ॲप तपासून घ्यावं.

मोठ्या आवाजाबद्दल एवढं बोललं जातं, पण या यंत्राचा आम्हाला जास्त महत्त्वाचा वाटणारा गुण दुसऱ्या टोकाला आहे. त्याच्या प्रीॲम्पची (माइकचा बारीक सिग्नल वाढवणाऱ्या भागाची) स्वतःची खरखर फार कमी आहे, -१२७ डीबीयू. स्वस्त रेकॉर्डरवर हळू बोलणाऱ्या माणसाचा आवाज एडिटमध्ये चढवला की त्याबरोबर सूं-सूं चढते. आणि सामाजिक विषयांवरच्या माहितीपटात ज्यांचं म्हणणं सर्वांत महत्त्वाचं असतं, ती माणसं बहुधा हळूच बोलतात. शिरोळ तालुक्यात पूर ओसरल्यावर घरातला गाळ काढणारी बाई ओरडून बोलत नाही. गाळप हंगामात बीडकडून आलेली ऊसतोड मजूर, मुकादम दहा पावलांवर उभा असताना उचलीचा (आगाऊ घेतलेल्या रकमेचा) आकडा सांगते तो ओठातल्या ओठात.

हा ऊसतोडीचा प्रसंग जवळून बघण्यासारखा आहे. फडाशेजारची कोपी, म्हणजे मजुरांची झोपडी, चारी बाजूंना वाळलेलं पाचट. बाईच्या लुगड्याला कॉलर माइक लावला. आता तीन आवाज शब्दावर बसतात: काचेच्या बांगड्या, पदर माइकवर घासणं आणि पाचटाची सळसळ. बांगड्यांसाठी माइक छातीच्या मध्यावर घ्या, हात जाईल त्या बाजूला नको. पदरासाठी माइकच्या मागे-पुढे वैद्यकीय चिकटपट्टीचे दोन त्रिकोण, चिकट बाजू बाहेर, म्हणजे कापड आणि माइक एकत्र हलतात, एकमेकांवर घासत नाहीत. पाचटाला मात्र इलाज नाही. वाऱ्यानं होणारी ती सळसळ 'स', 'श', 'च' ज्या पट्टीत असतात त्याच पट्टीत येते. सॉफ्टवेअरनं सळसळ काढायला गेलात तर अक्षरं जातात आणि 'सहाशे'चं 'हाहे' होतं. खुर्ची उचलून बैलगाडीच्या आडोशाला, नाहीतर कोपीच्या आत बसणं एवढंच करता येतं. पैशाचा आकडा ज्या वाक्यात आहे ते वाक्य पुन्हा एकदा विचारून घ्या, सरळ, संकोच न करता. त्या आकड्यावर उद्या कुणीतरी बोट ठेवणार असतं.

कॉलर माइकवरून आठवलं, एफ-३ला ३.५ मिमीचा इनपुट नाही. मोबाइलचा किंवा कॅमेऱ्याचा स्वस्त कॉलर माइक लावायचा तर एक्सएलआरचा ॲडॅप्टर लागतो, आणि इथं दुकानात हमखास चुकीचा गळ्यात मारला जातो. नुसता आकार बदलणारा ॲडॅप्टर माइकला वीज देत नाही. रोडचा व्हीएक्सएलआर प्लस ४८ व्होल्टचे माइकला झेपतील इतके थोडे व्होल्ट करून देतो. नावातला 'प्लस' बघूनच घ्या, कारण त्याच्याविना असलेला तसाच दिसतो आणि त्यावर माइक मुका राहतो.

वारा. पन्हाळा, जोतिबाचा डोंगर, पंचगंगेचा घाट, सगळीकडे तोच. माइकबरोबर मिळणारं स्पंजचं टोपरं घरात बोलताना पुरतं, बाहेर नाही. केसाळ कव्हर घ्याच. रेकॉर्डरमधला लो-कट (खालचे जाडे आवाज कापणारी सोय) ८० हर्ट्झवर ठेवला की मुख्य धडधड कमी होते. पण माइकच्या पडद्यावर वारा थेट आदळला तर पडदाच टोकाला जातो, तिथं लो-कट काही करू शकत नाही. पुराच्या दिवसांत तर दोन गोष्टी एकदम: बोटीच्या इंजिनाचा आवाज आणि ओल. राजाराम बंधाऱ्यावर पाणी ३९ फुटांच्या इशारा पातळीकडे जायला लागलं की कोल्हापुरातला प्रत्येक कॅमेरा बाहेर पडतो, ४३ ला धोका पातळी. एफ-३ पाण्यापासून सुरक्षित नाही, अंगावर तसं कुठलंही सील नाही. झिपच्या पिशवीत सिलिका जेलच्या दोन पुड्या टाकून ठेवा, एक्सएलआरच्या तोंडाशी पिशवी रबरानं बांधा. एसीच्या गाडीतून ओल्या हवेत काढला तर पहिली दहा मिनिटं पिशवीतच राहू द्या, नाहीतर आत दव धरतं आणि फँटमवर चालणारे माइक तडतडायला लागतात. तडतड ऐकली की लोक रेकॉर्डरला दोष देतात. बहुतेक वेळा माइक ओला असतो.

सिंक, म्हणजे चित्र आणि आवाज जुळवणं, हा या यंत्राचा कच्चा दुवा. टाइमकोडचं (दोन यंत्रांना एकच वेळ देणाऱ्या सिग्नलचं) सॉकेट नाही. बीटीए-१ हा ब्लूटूथचा तुकडा वेगळा घेऊन अल्ट्रासिंक ब्लू या टाइमकोड पाठवणाऱ्या यंत्राशी जोडता येतं, पण खर्च वाढतो आणि एक कॅमेरा असेल तर गरज नाही. लाइन आउटमधून कॅमेऱ्यात वायर घाला, लाइन आउटची लेव्हल बरीच खाली ठेवा. कॅमेऱ्यातला तो आवाज फक्त जुळवणीसाठी. रिझॉल्व्ह वेव्हफॉर्मवरून दोन्ही फाइल आपोआप जुळवतो. वायर शक्य नसेल तर टाळी, पण टाळी माइकजवळ द्या. स्टेजपासून ३० मीटरवरच्या कॅमेऱ्यापाशी टाळी दिली तर स्टेजवरच्या माइकमध्ये ती ८७ मिलिसेकंद उशिरा पोचते, २५ फ्रेमच्या हिशेबानं दोन फ्रेमहून जास्त, आणि ओठ-शब्द कायमचे चुकतात.

दोन तासांच्या सभेत आणखी एक गोष्ट घडते. कॅमेऱ्याचं घड्याळ आणि रेकॉर्डरचं घड्याळ सारखं चालत नाही. दशलक्षात २० इतका फरक असला तरी तासाला ७२ मिलिसेकंद होतात. सुरुवात जुळलेली, शेवट सुटलेला. वक्ता बदलताना दर वीस-तीस मिनिटांनी कॅमेरा थांबवून पुन्हा सुरू करा. प्रत्येक तुकडा स्वतंत्र जुळतो. रेकॉर्डर मात्र थांबवू नका. बटणं होल्डवर टाकून पाऊचमध्ये सोडा. सुरू आहे की नाही याची खात्री हेडफोनवर नाही, स्क्रीनवरच्या पुढे सरकणाऱ्या सेकंदांवर करा. रेकॉर्ड बंद असतानाही हेडफोनमध्ये आवाज येतो आणि त्या आवाजानं भल्या-भल्यांना फसवलंय.

सेल फार खातो, यात शंका नाही. दोन्ही माइकना ४८ व्होल्ट देत असाल तर कागदावरच्या तासांवर विसंबू नका. चांगले रिचार्जेबल सेल, चार जोड्या, आणि मेनूत सेलचा प्रकार बदलून रिचार्जेबल करा. तो अल्कलाइनवर राहिला तर सेलची खूण खोटं बोलते. दिवसभराच्या कामाला यूएसबी-सीवर पॉवर बँक लावा आणि आत सेल ठेवा. काही पॉवर बँक इतका कमी करंट 'काहीच जोडलेलं नाही' असं समजून आपोआप बंद होतात, तेव्हा आतले सेल सांभाळून घेतात. फार स्वस्त पॉवर बँकेची बारीक शीळ रेकॉर्डिंगमध्ये येते. घरी, शांत खोलीत, हेडफोन लावून एकदा तपासून घ्या.

कार्डाचा हिशेब सोपा आहे. ४८ किलोहर्ट्झ, ३२ बिट, दोन चॅनल म्हणजे तासाला सुमारे १.३८ जीबी. ६४ जीबीच्या कार्डात ४६ तास बसतात. ९६ किलोहर्ट्झवर नेऊन भाषणाला काहीही मिळत नाही, फक्त हार्ड डिस्क दुप्पट वेगानं भरते. १९२ तर वटवाघळांवर काम करणाऱ्यांसाठी सोडून द्या.

आता जतन. हा भाग रेकॉर्डरच्या परीक्षणात का, असं वाटेल. या विषयांवरचं काम वर्षानुवर्षं चालतं म्हणून. माहितीपटकार आनंद पटवर्धन यांच्या कामाकडे बघा. १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये शाहीर विलास घोगरे गातात. ११ जुलै १९९७ ला मुंबईत रमाबाई नगरात पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं मेली, आणि काही दिवसांतच घोगरे यांनी आयुष्य संपवलं. तिथून 'जय भीम कॉम्रेड' सुरू झाला आणि पूर्ण झाला २०११ मध्ये, चौदा वर्षांनी. घोगरेंचा तो जुना आवाज कुणीतरी नीट रेकॉर्ड करून नीट ठेवला होता, म्हणून तो आज आहे. कोल्हापूरला हे वेगळं समजावून सांगायची गरज नाही. गोविंद पानसरे यांच्यावर १६ फेब्रुवारी २०१५ ला याच शहरात गोळ्या झाडल्या गेल्या आणि २० तारखेला ते गेले. त्यांनी गावोगाव दिलेली भाषणं ज्या कॅसेटी आणि कार्डांवर आहेत, त्यांचं मोल त्या दिवसानंतर कसं मोजणार? माहितीपट करणाऱ्याची आयुष्यभराची पुंजी म्हणजे असे आवाज. कॅमेरे दर पाच वर्षांनी बदलतात.

तेव्हा रोज रात्री कार्ड रिकामं करताना मूळ फाइलचं नाव बदलू नका, ती उघडून सेव्ह करू नका. आधी दोन वेगळ्या डिस्कवर कॉपी, मग तिसरी प्रत दुसऱ्या घरी. प्रत्येक फाइलची एसएचए-२५६ हॅश (फाइलवरून निघणारा अंकाक्षरी ठसा, फाइल जराही बदलली की तोही बदलतो) काढून एका वहीत किंवा मजकूर फाइलमध्ये तारखेसह ठेवा. याला कोर्टातलं कारण आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ नुसार इलेक्ट्रॉनिक पुरावा देताना जे प्रमाणपत्र जोडावं लागतं, त्यात हॅश लिहावी लागते. पूर्वी हेच काम पुरावा कायद्याच्या ६५ब कलमाखाली व्हायचं. लाठीमार, सभेतलं भडक भाषण, सक्तीनं केलेलं भूसंपादन, यातलं काहीही रेकॉर्ड केलं असेल तर ते कधीतरी मागितलं जाऊ शकतं. मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच बसतं. म्हणजे आता ही कागदपत्रं मुंबईला नव्हे, रिक्षानं न्यायची आहेत. रेकॉर्डरचं घड्याळ मात्र बरोबर असायला हवं. एफ-३ बरेच दिवस सेलविना पडला की तारीख हरवतो. सेल घालताना आधी तारीख बघा. चुकीच्या तारखेची खरी फाइल समोरच्या वकिलाच्या फार उपयोगी पडते.

ज्याची ओळख लपवायची आहे त्याचा आवाज नुसता जाड किंवा बारीक करून समाधान मानू नका. पिच बदललेला आवाज कुणीही उलटा फिरवून मूळ रूपात आणू शकतो. त्याचे शब्द दुसऱ्याकडून वाचून घ्या आणि मूळ फाइल वेगळ्या, कुलूपबंद डिस्कवर. एवढा स्वच्छ रेकॉर्डर हाताशी असण्याची ही दुसरी बाजू: तो खोलीतला शेजाऱ्याचा रेडिओ, गल्लीतली हाक, शाळेची घंटासुद्धा टिपतो, आणि त्यावरून घर सापडतं.

याच्याऐवजी काय? अंगचा माइक हवा असेल, बहुतेक काम घरात बसून मुलाखतींचं असेल आणि पैसे कमी असतील तर झूमचाच एच१ इसेन्शियल. तोही ३२ बिट फ्लोट आहे, पण एक्सएलआर नाही. दोन-तीन कॅमेऱ्यांचं काम असेल तर टॅस्कमचा एफआर-एव्ही२ बघा, त्यात दोनच चॅनल पण टाइमकोड आहे. झूमचा जुना एच५ हाताशी असेल तर तो टाकून देऊ नका. लेव्हल सांभाळायला दुसरा माणूस असेल तर त्यावर उत्तम काम होतं, आणि दुसरा माणूस असणं हे कुठल्याही फ्लोटपेक्षा मोलाचं. लग्नाच्या शूटिंगला एफ-३ घेण्याचं कारण नाही. तिथं गाणी वरून टाकायची असतात.

घेताना बिलावर सिरियल नंबर लिहून घ्या, भारतातल्या वितरकाची वॉरंटी आहे का हे विचारा. बाहेरून आणलेला माल काही हजारांनी स्वस्त मिळतो, पण एक्सएलआरचं लॉक बिघडलं तर दुरुस्ती स्वतःच्या खिशातून. दुकानातच दोन सेल आणि कार्ड घालून, एक्सएलआर माइक लावून, ४८ व्होल्ट दोन्ही चॅनलवर चालू करून पाच मिनिटं रेकॉर्ड करा. फाइल लॅपटॉपवर उघडून दोन्ही चॅनलची खरखर सारखी आहे का ते कान देऊन ऐका.

बाबूराव पेंटरांच्या गावात, जिथं सिनेमाचा कॅमेरा हातानं घडवला गेला, तिथं आज माहितीपट करायला निघालेल्या पोराला पहिली वस्तू कुठली घेऊ असं विचारावंसं वाटलं, तर आमचं उत्तर कॅमेरा नाही. कॅमेरा मित्राचा चालेल, मोबाइलचा चालेल. एफ-३, एक बरा शॉटगन माइक, केसाळ कव्हर आणि बंद कानाचे हेडफोन आधी घ्या. एखाद्या सोमवारी कलेक्टर कचेरीसमोर उपोषणाला बसलेल्यांच्या शेजारी, परवानगी घेऊन, सकाळपासून संध्याकाळपर्यंत बसा. रात्री ते आठ तास न कापता पूर्ण ऐका आणि कुठलं वाक्य कळलं नाही, ते का कळलं नाही, हे वहीत लिहा.